हृदयाचे वरचे दोन कप्पे नेमके कशासाठी? पंपाचं काम तर खालचेच करतात ना?

"पंपाचं काम तर खालचेच करतात." अगदी हेच वाक्य माझ्या थोरल्या भावाचं, म्हणून लिहायला बसले.

वरच्या कप्प्यांना अलिंदं म्हणतात, खालच्यांना निलयं. उजव्या अलिंदात शरीरभरचं रक्त येतं, डाव्यात फुप्फुसांकडून आलेलं. झडपा उघडल्या की बरंचसं आपोआप निलयांत उतरतं. शेवटचं २०-३० टक्के अलिंदं आकसून ढकलतात. ठोका सुरू होतो तोही उजव्या अलिंदातूनच. त्यांना नुसती गोदामं म्हणणाऱ्यांचा मला राग येतो.

२०१८ मध्ये आईच्या छातीत फडफड सुरू झाली. पंधरा दिवस आम्ही पित्त समजून आमसुलाचं सार पाजलं. ईसीजीत निघालं एट्रियल फिब्रिलेशन. अलिंदं आकसायचं सोडून नुसती थरथरत होती. टूडी एकोत, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, खालच्या कप्प्याचं पंपिंग ६० टक्के, म्हणजे उत्तम. दादाने रिपोर्टातलं तेवढंच वाचलं.

आता डाव्या अलिंदाला कानाच्या पाळीसारखी एक पिशवी असते. थरथरणाऱ्या अलिंदात रक्त तिथे तुंबतं, गोठतं, आणि गुठळी सुटली तर मेंदूत जाऊन अडकते. म्हणून वॉरफरिन, रक्त पातळ करायची गोळी, दिली होती. दर महिन्याला आयएनआर, म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो त्याची तपासणी, तो २ ते ३ च्या मध्ये ठेवायचा, मेथी-पालक एकदम वाढवायचा नाही, सगळं आईने पाठ केलेलं. एकदा दात घासताना हिरड्यांतून रक्त आलं आणि दादाने परस्पर गोळी बंद केली. "खालचं मशीन ठणठणीत आहे, वरचं थोडं हललं तर काय बिघडतं?" मला कळलं दीड महिन्याने. त्या सकाळी आईला चहा मागता येईना आणि उजवा हात कपावर बसेना.

बोलणं परत आलं. हात अर्धाच.

हिरड्यांतून रक्त आलं तर डॉक्टरांना फोन करायचा, डोस बदलतात. घरातल्या हुशार माणसाला विचारायचं नाही.

मी डॉक्टर नाही. एट्रियल फिब्रिलेशनच्या प्रत्येकाला रक्त पातळ करायची गोळी लागतेच असं नाही. वय, बीपी, शुगर बघून ठरवतात. गोळी चालू असतानाही पक्षाघाताचा झटका येऊ शकतो, हे दादाचं म्हणणंही खोटं नाही.

आईची नाडी आता मी मोजते, पूर्ण एक मिनिट. पंधरा सेकंद मोजून चारने गुणलं तर अनियमित नाडीत हिशेब चुकतो. दादा म्हणतो, मी हे त्याच्यासमोर मुद्दाम करते. करते.