काजळीच्या काचेवर दोन रेघा

भाऊ, शाळेत अंधारी खोली नाही म्हणून अडून बसू नका. दोन बारीक रेघांतून उजेड सोडून भिंतीवर उजेड-अंधाराचे पट्टे पाडायचा हा प्रयोग मी पहिल्यांदा आजोळी, धाब्याच्या घरात भरदुपारी केला. दार लोटलं की मिट्ट काळोख!

काचपट्टीवर चिमणीची काजळी धरवा. दाढीची दोन पाती एकमेकांना घट्ट चिकटवून, फूटपट्टीच्या आधाराने एकदाच हलकेच ओढा. पात्याची जाडी साधारण ०.१ मिलिमीटर, रेघांमधलं अंतरही तेवढंच. पुन्हा हात फिरवलात की काच वाया. माझ्या सात-आठ गेल्या.

लाल लेसर (तरंगलांबी ६५० नॅनोमीटर) रेघांवर रोखा, भिंत ३ मीटरवर ठेवा. पट्टे जवळजवळ २ सेंटिमीटर अंतराने उमटतात. हे गणित (तरंगलांबी गुणिले भिंतीचं अंतर, भागिले रेघांमधलं अंतर) आधी फळ्यावर मांडा, मग पोरांनाच मोजू द्या. किरण मात्र डोळ्यांच्या उंचीवर नको.

आता खरी गंमत. एक रेघ झाका. बारीक पट्टे गेले, एकच पसरट उजेड उरला. मघा काळी होती ती जागाही उजळली! म्हणजे दोन उजेड मिळून तिथे अंधार झाला होता. इथे घाई करू नका, पोरांना पाच-सहा वेळा झाकू-उघडू द्या.

इंग्रज शास्त्रज्ञ थॉमस यंगने १८०३मध्ये उन्हाच्या तिरिपेत पातळ कार्ड धरून हेच दाखवलं. ऊन तर आपल्याकडे भरपूर.