व्हाइट सॉस पास्ता करताना सॉसमध्ये गुठळ्या होतात, मैद्याचा कच्चा वास राहतो आणि ताटात वाढेपर्यंत त्याचा गोळा होतो. क्रीम न घालता नुसत्या दुधात हा सॉस नीट कसा जमवायचा?

तुम्ही तीन तक्रारी लिहिल्या आहेत, पण मला वाटतं त्यातल्या दोनांचं मूळ एकच आहे: दूध घातल्यावर सॉस पातळ दिसतो, म्हणून घाबरून मैदा वाढवला जातो. गव्हाच्या पिठातला स्टार्च साधारण 60 अंश सेल्सिअसच्या आसपास फुगायला लागतो, पण त्याचा पूर्ण दाटपणा मिश्रण उकळीला टेकल्यावरच कळतो. त्याआधी सॉस पाण्यासारखा दिसणं अगदी बरोबर आहे. तेव्हा वरून भुरभुरवलेला मैदा लोण्यात परतलेला नसतो, त्यामुळे गुठळ्याही त्याच्याच होतात आणि कच्चा वासही त्याचाच येतो. पुढे उकळी आली की सगळा मैदा एकदम फुगतो आणि सॉसचं खळ होतं.

म्हणून आधी प्रमाण पक्कं करा. 200 ग्रॅम कोरड्या पास्त्याला, म्हणजे तिघांना पुरेल एवढ्याला, अर्धा लिटर दूध, 2 टेबलस्पून लोणी आणि 3 सपाट टेबलस्पून मैदा. वजनात लोणी आणि मैदा दोन्ही जवळपास 25 ग्रॅम भरतात. मैदा हलका असल्यामुळे चमच्यांचा आकडा वेगळा येतो, एवढंच. इथे ‘सपाट’ हा शब्द महत्त्वाचा आहे. शीग लावून घेतलेल्या चमच्यात जवळजवळ दुप्पट मैदा मावतो, आणि ‘तीनच चमचे घातले होते’ म्हणणाऱ्यांचा सॉस बहुतेक वेळा इथेच फसतो. दूध फुल क्रीम घेतलंत तर चव भरते. कमी स्निग्धांशाच्या दुधाचाही सॉस तेवढाच दाट होतो, कारण दाटपणा मैद्यामुळे येतो.

भांडं जाड बुडाचं हवं. पातळ बुडाच्या भांड्यात दूध खाली लागतं आणि तो करपट वास मग कशानेच जात नाही. हलवायला तारेचा व्हिस्क घ्या. नुसत्या चमच्याने गुठळ्या मोडत नाहीत, फक्त इकडून तिकडे फिरतात.

मंद ते मध्यम आचेवर लोणी वितळवा. त्यात पाण्याचा अंश असतो, म्हणून ते आधी फसफसतं. फेस बसत आला की सगळा मैदा एकदम घाला आणि हलवत राहा. मिश्रण आधी घट्ट पेस्टसारखं दिसेल, मिनिटभराने थोडं सैल होईल, बारीक बुडबुडे येतील आणि ओल्या वाळूसारखा पोत दिसेल. भाजल्या बिस्किटासारखा मंद वास आला की झालं. याला दोन मिनिटं पुरतात. रंग बदलू देऊ नका. सॉस पांढरा राहावा हे एक कारण आहेच, शिवाय मैदा तांबूस झाला की त्याची दाट करण्याची ताकद कमी होते. लसूण हवा असेल तर बारीक चिरून मैद्याच्या आधी अर्धं मिनिट लोण्यात परता. तो तपकिरी झाला तर सगळा सॉस कडवट होतो.

आता दूध. ते गरम हवं की गार, यावर लोक हमरीतुमरीवर येतात. दोन्हींनी जमतं. गार दुधात चुकायला थोडी जास्त सवड मिळते, कोमट दुधाने काम लवकर उरकतं. खरी मेख ओतण्यात आहे. भांडं आचेवरून खाली घ्या आणि आधी फक्त पाव वाटी दूध घाला. मिश्रण लगेच आवळून कणकेसारखा गोळा होईल. इथे बरेच जण ‘बिघडलं’ म्हणून सोडून देतात, पण ही तर अपेक्षित पायरी आहे. तो गोळा गुळगुळीत होईपर्यंत घोटा, मग पुन्हा पाव वाटी दूध, पुन्हा घोटा. तिसऱ्या-चौथ्या वेळेला ते इडलीच्या पिठाएवढं सैल झालं की उरलेलं दूध दोन हप्त्यांत ओतायला हरकत नाही. लोण्याने मैद्याचे कण सुटे ठेवलेले असतात. एकदम भरपूर गरम दूध पडलं तर बाहेरचे कण क्षणात फुगून चिकट कवच करतात आणि आतला मैदा कोरडाच राहतो. गुठळी फोडून पाहिलीत तर मध्ये पांढरी पूड दिसते ती हीच.

इतकं करूनही गुठळ्या राहिल्याच तर आचेवरून उतरवून जोरात फेटा, नाहीतर गाळणीतून काढा. हँड ब्लेंडर अगदी थोडा वेळ फिरवला तरी चालतो.

भांडं परत मध्यम आचेवर ठेवा आणि तळ व कडा खरवडत हलवत राहा. उकळीचे जाड, संथ बुडबुडे दिसले की आच अगदी मंद करा आणि 5 ते 8 मिनिटं शिजू द्या. हा वेळ वाचवण्याचा मोह होतो, कारण सॉस तर आधीच दाट झालेला असतो. पण कच्ची पिठाळ चव आणि जिभेवरचा खरखरीतपणा या मिनिटांतच जातो. चमचा बुडवून मागच्या बाजूने बोट ओढा. रेघ राहिली आणि सॉस तिच्यावर हळूच ओघळायला बघत असेल, तर बेत बरोबर आहे. रेघ ठाम उभी राहिली तर सॉस आत्ताच जास्त दाट झालाय, त्यात थोडं दूध घाला.

पाव चमचा मिरपूड आणि चिमूटभर जायफळ घाला. जायफळ खरंच चिमूटभरच, ओळखू आलं तर जास्त झालं. मीठ चीज घातल्यानंतर चव बघून घाला, कारण चीज खारट असतं. चीज 60 ग्रॅम पुरे. ते ताजं किसून घ्या आणि गॅस बंद करून मिनिटभराने मूठमूठ मिसळा. उकळत्या सॉसमध्ये घातलं तर त्यातली प्रथिनं आवळतात, तूप सुटतं आणि सॉस रवाळ होतो. प्रोसेस्ड चीजचं तसं सहसा होत नाही, कारण त्यात स्निग्धांश धरून ठेवणारे क्षार घातलेले असतात, पण चवीत ते चेडर किंवा पार्मेजानच्या जवळपासही नाही. मोझरेला एकट्याने वापरू नका, तारा सुटतात आणि सॉसमध्ये लगदा तरंगतो.

आता तुमची तिसरी तक्रार, गोळा होण्याची. सॉस निवला की स्टार्च घट्ट होतोच, त्यात कोमट पास्ता त्यातलं पाणी शोषत राहतो. म्हणून सॉस कढईत असताना हवा त्यापेक्षा एक पायरी सैल ठेवायचा. पास्ता 2 लिटर पाण्यात एक टेबलस्पून मीठ घालून उकळा, पाकिटावरच्या वेळेपेक्षा दीड-दोन मिनिटं आधी काढा आणि निथळण्याआधी वाटीभर पाणी बाजूला ठेवा. गार पाण्याने धुऊ नका आणि तेलही लावू नका. दोन्हींमुळे पृष्ठभाग निसरडा होतो आणि सॉस धरत नाही. गरम पास्ता सॉसमध्ये टाकून मंद आचेवर मिनिटभर हलवा आणि राखलेलं पाणी दोन-दोन चमचे घालत जा. कढई तिरकी केल्यावर सॉस पास्त्याबरोबर संथ सरकला पाहिजे. पाहणाऱ्याला ‘जरा पातळच झालाय’ वाटेल, ताटात येईपर्यंत तो नेमका होतो. म्हणून हे शेवटचं काम सगळे जेवायला बसल्यावरच करा.

भाज्या वेगळ्या परतून पाणी आटवून मगच मिसळा. मशरूम कच्चे टाकले तर त्यांचं पाणी सुटून सगळं पातळ होतं. टोमॅटो प्युरी घालून गुलाबी सॉस करायचा असेल तर ती आधी आंबटपणा मावळेपर्यंत शिजवा आणि शेवटी मंद आचेवर मिसळा. मैद्याने बांधलेलं दूध साध्या दुधासारखं लगेच फुटत नाही, पण लिंबू पिळून वर उकळवलंत तर तेही दगा देईल.

मैदा नको असेल तर 2 सपाट टेबलस्पून कॉर्नफ्लोर 4 चमचे गार दुधात कालवून उकळत्या दुधात घाला आणि हलवत मिनिटभर शिजवा. सॉस चकचकीत होतो, पण थोडा जेलीसारखा लागतो. मला तो पास्त्याला आवडत नाही. ग्लुटेन टाळायचं असेल तर मात्र सोपा मार्ग हाच, अर्थात पास्ताही तसाच घ्यावा लागेल.

सॉस आधी करून ठेवायचा असेल तर सॉसच्या पृष्ठभागाला चिकटेल अशी प्लास्टिकची पातळ फिल्म लावा, म्हणजे साय धरणार नाही. फ्रिजमध्ये दोन दिवस राहतो, पण पास्त्यात न मिसळता. बाहेर काढल्यावर तो खरवसासारखा घट्ट दिसेल. 3-4 चमचे दूध घालून मंद आचेवर फेटलात की पुन्हा सैल होतो. मायक्रोवेव्हमध्ये करायचं तर निम्म्या पॉवरवर, दर 30 सेकंदांनी हलवत.