ओरिजनल सीडी चालेना, क्रॅक कॉपी मात्र चालते, असं का?

भाऊ, भावजींनी 2004 साली नांदेडात पैसे मोजून घेतलेली रेसिंग गेमची सीडी विंडोज 10 वर चालत नाही आणि शेजारच्या पोराची क्रॅक, म्हणजे कुलूप तोडलेली, कॉपी सुसाट चालते, असं तुम्ही विचारलंय. सीडी खराब झालेली नसणार, फेकू नका.

त्या काळच्या बऱ्याच गेम्सना कॉपी रोखायला 'सेफडिस्क' नावाचं कुलूप असायचं. कारखान्यात डिस्क छापतानाच तिच्यावर मुद्दाम खराब सेक्टर, म्हणजे माहिती साठवायचे छोटे कप्पे, ठेवायचे. साध्या रायटरवर कॉपी मारली की ते जसेच्या तसे उतरत नसत. गेम चालू होताना आधी हे सेक्टर तपासायचा. नाही सापडले की 'ओरिजनल डिस्क टाका' म्हणून अडून बसायचा. या तपासणीसाठी विंडोजच्या पार आत एक ड्रायव्हर, म्हणजे छोटा प्रोग्राम, बसलेला असे. 2007 मध्ये त्याच ड्रायव्हरमध्ये सुरक्षेचं भगदाड सापडलं, आणि 2015 मध्ये विंडोज 10 आलं तेव्हा मायक्रोसॉफ्टनं त्याला दारच बंद केलं. क्रॅकवाल्यानं तपासणीच उडवलेली, त्याचं काय अडणार? पैसे भरणारा तेवढा अडकला.

हे पहिल्यांदाच झालं असंही नाही. 2010 मध्ये युबिसॉफ्ट या गेम कंपनीनं असासिन्स क्रीड 2 ला पूर्ण वेळ नेट सक्तीचं केलं. एकट्यानं खेळायचा गेम, तरी नेट तुटलं की बंद! आपल्याकडं तेव्हा भारनियमन. इन्व्हर्टरवर पीसी तग धरायचा, नेट मात्र आधी जायचं. त्यात मार्चमध्ये त्यांच्या सर्व्हरवरच हल्ला झाला आणि विकत घेतलेले लोक बघत बसले.

2014 पासूनच्या डेनुवो या नव्या कुलुपाबद्दल माझं मत जरा मवाळ आहे. खरी विक्री पहिल्या काही आठवड्यांत होते, तेवढा काळ कुलूप टिकलं तर कंपनीचं भागतं. पुढं काही जण ते काढूनही टाकतात. सेफडिस्कवाल्यांनी तेवढं तरी करायचं होतं.

आता तुमचं बघू. जीओजी या गेम विकणाऱ्या साइटवर जुने गेम बिनकुलुपाचे मिळतात, आधी तिथं शोधा. रेसिंगचे कमी सापडतील, गाड्यांचे आणि गाण्यांचे परवाने संपलेले असतात. 'अँटिव्हायरस बंद करून चालवा' असं सांगणारी क्रॅक फाइल घेऊ नका, व्हायरस तिथूनच घुसतात. शिवाय कॉपीराइट कायद्यात 2012 पासून 65अ कलम आहे: हक्कभंगाच्या हेतूनं कुलूप तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद. त्यापेक्षा एखाद्या जुन्या पीसीवर विंडोज एक्सपी टाका, नेटची वायर काढून ठेवा, आणि सीडी लावा.