पालकाचे ताजे सॅलड आणि फेसलेल्या मोहरीचे तिखट ड्रेसिंग

तुम्ही दोन गोष्टी विचारल्या आहेत. कच्च्या पालकाचे सॅलड तिखट, दाटसर ड्रेसिंग घालून घरी कसे करावे, ही पहिली. आणि दह्याचे ड्रेसिंग वाटीत छान दाट दिसत असूनही पालकावर घातल्यावर थोड्याच वेळात पातळ का होते व ताटलीच्या तळाशी पाणी का साचते, ही दुसरी. मी दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण तो सुटला की पहिल्यात फारसे अवघड असे काही उरत नाही.

पालकाच्या पानात वजनाच्या ९० टक्क्यांहून अधिक पाणी असते. मीठ लागले की पेशींतले पाणी बाहेर येऊ लागते आणि पान जितके बारीक चिरलेले असेल तितके ते लवकर सुटते. त्यात धुतल्यानंतर पानांच्या सुरकुत्यांत अडकून राहिलेले पाणी मिसळते आणि साधे दही वापरले असेल तर त्यातली निवळही वेगळी होते. म्हणजे पाणी तीन वाटांनी येते आणि तिन्ही वाटा स्वतंत्रपणे बंद कराव्या लागतात. ड्रेसिंगमध्ये केवळ दही वाढवून हा प्रश्न सुटत नाही.

आधी पाने. आपल्या बाजारात जुडीने मिळणारा देशी पालक हा वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने बीटच्याच जातीतला आहे. त्याची पाने जाडसर व गुळगुळीत आणि देठ लांब असतात. परदेशी सॅलडांत वापरतात तो पालक निराळा. त्याची कोवळी पाने मोठ्या शहरांतील दुकानांत प्लास्टिकच्या डब्यात ‘बेबी स्पिनॅच’ म्हणून विकली जातात. ती मिळाली तर उत्तमच, पण त्यांच्यासाठी अडून राहण्याचे कारण नाही. देशी जुडी घेताना सकाळी लवकर जावे, लहान पानांची जुडी मागावी, आणि घरी आणल्यावर आतली कोवळी पाने सॅलडसाठी व बाहेरची थोराड पाने डाळ-पालकासाठी अशी निवड करावी. थोराड पान कच्चे खाल्ले की दातांवर जो खरखरीत थर बसल्यासारखे वाटते तो पानातील ऑक्झॅलिक आम्लामुळे असतो. दह्याचे किंवा सायीचे ड्रेसिंग असले की तो कमी जाणवतो, आणि पालकाला दुधाच्या पदार्थांची जोड मला आवडते त्याचे हेही एक कारण आहे.

पाने कच्ची खायची असल्याने धुण्यात कसूर चालणार नाही. मुळे व मातकट देठ कापून टाकावेत, मोठ्या पातेल्यात भरपूर गार पाणी घेऊन पाने त्यात हाताने हलवावीत आणि नंतर पाने वर उचलून घ्यावीत. पातेले चाळणीवर उपडे केले तर तळाशी बसलेली माती पुन्हा पानांवरच येते. पाण्यात माती दिसेनाशी होईपर्यंत हे करावे. मिठाच्या किंवा व्हिनेगरच्या पाण्यात भिजवले की सगळे जंतू मरतात असा अनेकांचा समज आहे, पण तो खरा नाही. अमेरिकेत २००६ साली पिशवीबंद कोवळ्या पालकातून ई. कोलाय जंतूंचा मोठा प्रादुर्भाव झाला होता. २६ राज्यांत मिळून सुमारे २०० माणसे आजारी पडली आणि तिघांचा मृत्यू झाला. पानाच्या आत किंवा चिरलेल्या कडेवर शिरलेले जंतू धुण्याने पूर्ण जात नाहीत, म्हणून कुजकी, चिरडलेली पाने काढून टाकणे, ओळखीच्या विक्रेत्याकडून घेणे आणि पावसाळ्यात कच्चा पालक सरळ टाळणे हेच शहाणपणाचे. गर्भवती, अगदी लहान मुले आणि प्रतिकारशक्ती कमी असलेल्या माणसांसाठी मी हा पदार्थ पानांना वाफ देऊनच करते.

धुतलेली पाने कोरडी करणे हे या सॅलडमधले सर्वांत महत्त्वाचे आणि सर्वांत कंटाळवाणे काम आहे. सॅलडची पाने फिरवून पाणी काढणारे भांडे असल्यास वापरावे. नसल्यास स्वच्छ पंचावर पाने एका थरात पसरावीत, वरून दुसरे फडके हलकेच दाबावे आणि अर्धा तास पंख्याखाली ठेवावे. नंतर ती फडक्यात सैल गुंडाळून डब्यात घालून तासभर फ्रिजमध्ये ठेवली की कुरकुरीत होतात. मलूल झालेला पालक बर्फाच्या पाण्यात १०-१५ मिनिटे ठेवल्यास पेशी पाणी ओढून घेतात व पान पुन्हा ताठ होते, मात्र त्यानंतर कोरडे करण्याचा खटाटोप दुप्पट करावा लागतो. पाने सुरीने बारीक चिरू नयेत. लहान असतील तर अख्खी ठेवावीत, मोठी असतील तर हाताने दोन तुकडे करावेत. आणखी एक सूचना, जी अनेकांना उलटी वाटते: पानांना आधी तेल चोळून ठेवू नये. पानावरचा मेणचट थर पाण्याला दाद देत नाही, पण तेल त्यातून आत शिरते आणि पान काळपट होऊन मान टाकते.

आता ड्रेसिंग. चार माणसांसाठी निवडलेली २०० ग्रॅम पाने धरली, तर ४०० ग्रॅम ताजे, आंबट नसलेले सायीचे दही मलमलच्या कापडात तीनेक तास टांगावे. श्रीखंडाइतका कोरडा चक्का येथे नको. चमच्यावरून सावकाश घसरेल इतपत दाट हवा. म्हशीच्या दुधाचे दही असेल तर वेगळी साय घालण्याची गरज नाही. गाईचे असेल तर दोन मोठे चमचे घोटलेली साय त्यात मिसळावी.

तिखटपणाबद्दल मात्र थोडे सविस्तर लिहिते, कारण बहुतेक कृती येथेच फसतात. मिरचीतला तिखट घटक स्निग्ध पदार्थात विरघळतो आणि दुधातील प्रथिने त्याला जिभेपासून दूर नेतात. म्हणूनच ठसका लागल्यावर आपण दूध-दह्याकडे वळतो. साहजिकच, नुसती हिरवी मिरची वाटून चक्क्यात घातली तर वाटीत झणझणीत वाटणारे ड्रेसिंग खाताना मवाळ लागते, आणि मग माणूस मिरच्या वाढवत जातो. माझ्या मते याला उपाय मिरची नव्हे, मोहरी आहे. मोहरीचा झणका नाकात चढतो, तो क्षणभरात येतो व जातो, आणि दह्याने पूर्ण दबत नाही. केळ्याच्या किंवा भोपळ्याच्या भरितात मोहरी फेसून घालण्याची आपल्याकडची रीत याच गुणावर उभी आहे.

मोहरी फेसताना रसायनशास्त्राकडे लक्ष द्यावे लागते. अख्ख्या दाण्यात झणका नसतोच. दाणा फुटून त्यात पाणी गेले की त्यातील एक विकर कामाला लागते आणि तेव्हा तो तयार होतो. गरम पाण्याने हे विकर निकामी होते आणि आंबट पदार्थाने त्याची गती मंदावते. म्हणून दीड लहान चमचा मोहरी खलबत्त्यात कोरडीच कुटावी, त्यात गार, साधे पाणी चमचा-चमचा घालत पांढरट फेस येईपर्यंत घोटावी, आणि दहा मिनिटे तशीच झाकून ठेवावी. लिंबू किंवा दही त्यानंतरच. चव फार कडवट वाटली तर चिमूटभर साखर पुरते. लसणाचे गणित याच्या नेमके उलटे आहे: दोन पाकळ्या ठेचताच त्यावर लगेच लिंबू पिळले तर कच्च्या लसणाचा उग्र दर्प वाढत नाही, आणि दुसऱ्या दिवशीपर्यंत तोंडाला वास राहण्याची तक्रारही कमी होते.

फेसलेली मोहरी, लिंबू लावलेला लसूण, मिठाबरोबर वाटलेल्या दोन हिरव्या मिरच्या, पाऊण लहान चमचा मीठ, अर्धा चमचा साखर आणि एक मोठा चमचा घाण्याचे शेंगदाणा तेल हे सगळे चक्क्यात घालून हाताने घोटावे. मिक्सर वापरू नये, त्याने चक्का पातळ होतो. मग अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून पुन्हा चाखावे. पालकाला स्वतःची फारशी चव नसते, त्यामुळे नुसते चाखताना ड्रेसिंग किंचित जास्तच खारट व तिखट लागले पाहिजे. रंग हवा असेल तर अगदी मंद आचेवर कोमट केलेल्या तेलात ब्याडगी मिरचीचे तिखट मिसळून, ते गार करून, वरून चमचाभर सोडावे. फोडणी कडकडीत ओतली तर पाने जागीच शिजतात.

सोबत काय घालावे याबाबत माझी मते ठाम आहेत. टोमॅटो नको, कारण इतका वेळ पाणी आवरल्यावर ते पुन्हा आत घेण्यासारखे आहे. काकडी घालायची असेल तर मधला बियांचा भाग काढून. पातळ उभा चिरलेला कांदा दहा मिनिटे गार पाण्यात ठेवून निथळून घ्यावा. थंडीत संत्री चांगली मिळतात तेव्हा पातळ साल काढलेल्या फोडी मोहरीबरोबर फार सुरेख लागतात. भाजलेल्या शेंगदाण्यांचे भरड कूट मात्र मी नेहमी घालते. मराठवाड्यात कच्च्या मेथीचा घोळाणा करतात त्यात कूट असतेच. ते सुटलेले पाणी शोषून घेते आणि खाताना दातांखालीही येते. पोटभरीचे करायचे असल्यास उकडलेली अंडी किंवा वाफवलेले मोड आलेले मूग घालावेत.

सगळे एकत्र करण्याचे काम जेवणारे पानावर बसल्यावरच करावे. रुंद परातीत पाने घ्यावीत, ड्रेसिंगचा निम्माच भाग घालून हातांनी खालून वर हलके उलथवावे, प्रत्येक पानाला पातळ लेप लागेल इतकेच आणखी घालावे आणि उरलेले वाटीत बाजूला ठेवावे. कूट सर्वांत शेवटी.

आरोग्याविषयी दोनच गोष्टी सांगते. रक्त पातळ ठेवण्यासाठी वॉरफरिन घेणाऱ्यांनी पालकाचे प्रमाण अचानक वाढवू नये, कारण त्यात के जीवनसत्त्व भरपूर असते. ज्यांना ऑक्झॅलेटचे मुतखडे होतात त्यांनीही डॉक्टरांना विचारूनच कच्चा पालक वारंवार खावा. पालकातील लोहाबद्दल मात्र फार अपेक्षा ठेवू नये. ते शरीरात कमी प्रमाणात शोषले जाते, लिंबाने थोडी मदत होते एवढेच.

दही चालत नसेल तर तीन तास भिजवलेले काजू अगदी थोड्या पाण्यात गुळगुळीत वाटून चक्क्याच्या जागी वापरता येतात. काजूला आंबटपणा नसल्याने लिंबू दुप्पट घालावे, पण तेही मोहरी फेसून झाल्यावरच. उरलेले ड्रेसिंग झाकून फ्रिजमध्ये दोन दिवस टिकते, मात्र मोहरीचा झणका दुसऱ्या दिवशी बराच उतरलेला असतो. तेव्हा ते भाकरीबरोबर किंवा उकडलेल्या बटाट्यांवर घालून संपवावे आणि सॅलडसाठी मोहरी ताजी फेसावी.