जिनोआच्या गोदीतला माचिस्ते

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीत १९१४चा ‘काबीरिया’ हा इटालियन मूकपट पाहिला. त्यातल्या माचिस्ते या धिप्पाड गुलामावरून नजर हटत नव्हती. तो नट आफ्रिकी होता का? पुढे त्याचं काय झालं?
– एक वाचक, सांगली

उत्तर : नाही, तो जिनोआचा. बार्तोलोमेओ पागानो, जन्म १८७८. काळा रंग फासून त्याला गुलाम केलं होतं. पडद्यावर येण्याआधी तो जिनोआच्या गोदीत ओझी वाहायचा. तिथल्या बोलीत अशा माणसाला ‘कामाल्लो’ म्हणतात. मूळ अरबी शब्द तोच, ज्यावरून आपला ‘हमाल’ आला. हे मला कळलं तेव्हापासून पागानो मला परका वाटेनासा झाला.

दिग्दर्शक पास्त्रोनेला नट नको होता, ताकद हवी होती, आणि ती खोटी दिसून चालणार नव्हती. पागानो तेव्हा पस्तिशीत होता. अभिनयाचं शिक्षण शून्य. पण जात्याला साखळदंडांनी जखडलेला माचिस्ते आठवा. कित्येक वर्षं तो ते जातं ओढतोय, हे त्याच्या खांद्यांकडे पाहून पटतं. ओझं उचलताना अंग कुठून वाकतं हे या माणसाला ठाऊक होतं. ते शिकवून येत नाही.

चित्रपटाचा गाजावाजा झाला तो कवी दान्नुन्झिओच्या नावाने. माचिस्ते हे नावही त्यानेच दिलेलं. लोक मात्र त्या गुलामावर लुब्ध झाले. मग तुरीनच्या इताला कंपनीने १९१५मध्ये ‘माचिस्ते’ काढला, आणि माझ्या मते पागानोचं सगळ्यात लोभस काम त्यात आहे. गुंड मागे लागलेली एक मुलगी थिएटरात लपते. तिथे ‘काबीरिया’ चालू असतो. तो पाहून ती थेट स्टुडिओला पत्र लिहिते, की माचिस्तेने मला वाचवावं! आणि तो येतो, सुटाबुटातला, हसतमुख, गोरा. काळा रंग कुठे गेला, हे कुणी विचारतही नाही. हे मला खटकतं. गुलाम असताना तो काळा हवा होता, लाडका नायक झाल्यावर गोरा.

१९१६च्या ‘माचिस्ते आल्पिनो’त तो डोंगरी पलटणीचा सैनिक होऊन ऑस्ट्रियनांशी लढला. खरं युद्ध तेव्हा चालूच होतं. महायुद्धानंतर इटलीतला चित्रधंदा बसला तेव्हा त्याने जर्मनीत कामं केली. परतल्यावर माचिस्तेला नरकात धाडणारा चित्रपट आला. लहानपणी पाहिलेल्या त्या चित्रपटाची आठवण इटालियन दिग्दर्शक फेलिनी पुढे आवर्जून सांगत. १९२८च्या सुमारास पागानो पडद्यावरून बाजूला झाला आणि १९४७मध्ये जिनोआतच वारला.

त्याचं स्वतःचं नाव मात्र माचिस्तेखाली दबून गेलं. १९६०च्या दशकात माचिस्तेचे चित्रपट पुन्हा धडाधड निघाले. त्यांत कमावलेल्या शरीराचे दुसरेच पहिलवान होते.

तुमच्या सोसायटीला १९१५चा ‘माचिस्ते’ मिळवायला सांगा. त्यात तो माणसं उचलतो तेव्हा हात आधी कुठे घालतो, ते नीट बघा. गोदीत पोतं असंच उचलतात.