घरी अर्ध्या तासात जपानी नूडल सूप कसं करता येईल? पाकिटातलं नको, आणि घरात एक जण शाकाहारी आहे.

प्रश्नाच्या खाली तुम्ही 'रामेनसारखं' असं लिहिलंय, म्हणून आधीच सांगते: रामेनचा नाद सोडा. जपानमधल्या हाकाताचं तोन्कोत्सु रामेन म्हणजे डुकराची हाडं तासन्‌तास रटरटवून काढलेला दुधाळ रस. त्या नूडल्सचा पिवळा रंग आणि लवचीकपणा येतो तो कान्सुइ नावाच्या क्षारामुळे, आपल्या पापडखाराच्याच जातीतला. हे सगळं अर्ध्या तासात कुणी करत नाही. जपानी माणूससुद्धा रामेन खायला बाहेर जातो.

घरी जे झटपट होतं ते काके उदोन. जाड पांढऱ्या नूडल्स, वर गरम नितळ रस, चिरलेली पात. संपलं.

मी कामानिमित्त दोन वर्षं ओकायामात होते. पुणेकरांना हे नाव सिंहगड रस्त्यावरच्या पु. ल. देशपांडे उद्यानामुळे माहीत असतं; ती बाग ओकायामाच्या कोराकुएन बागेच्या धर्तीवर केली आहे. ओकायामाहून मरीन लायनर नावाची गाडी समुद्रावरचा लांबलचक पूल ओलांडून तासाभराच्या आत ताकामात्सुला पोचवते. तो कागावा प्रांत, जुनं नाव सानुकी, आणि उदोन म्हटलं की जपानभर लोक सानुकीचंच नाव घेतात. पहिल्यांदा गेले तेव्हा दुकानातल्या बाईंनी माझ्या हातात एक वाडगा दिला. आत गार, शिजवून निथळलेल्या उदोनची गुंडाळी. बाकी काहीच नाही. मी तशीच उभी. मागच्या आजोबांनी माझ्या हातून वाडगा घेतला, नूडल्स लांब दांड्याच्या गाळणीत टाकल्या, उकळत्या पाण्याच्या टाकीत दहा सेकंद बुडवून दोनदा झटकल्या, परत वाडग्यात ओतल्या आणि भिंतीजवळच्या तोटीकडे बोट दाखवलं. तोटी फिरवली की गरम रस! माठाच्या पाण्यासारखा. पुढे आल्याचा कीस, पात आणि तळलेल्या पिठाचा चुरा ठेवलेला. पाच मिनिटांत खाऊन लोक बाहेर.

तेव्हा कळलं की या पदार्थात शिजवण्यासारखं फार काही नाहीच. सगळी मदार त्या तोटीतल्या पाण्यावर. त्याला दाशी म्हणतात.

दोन माणसांसाठी माझं प्रमाण असं. ८०० मिली पाणी, त्यात तळहाताएवढा कोंबूचा तुकडा, साधारण १० ग्रॅम. कोंबू म्हणजे होक्काइदोच्या किनाऱ्यावरचं वाळवलेलं समुद्री शेवाळ. बुटाच्या चामड्यासारखं दिसतं, त्याला घाबरू नका. वर पांढरी भुकटी असते ती बुरशी नाही, धुऊ नका, कोरड्या फडक्याने नुसतं पुसा. मंद आचेवर पाणी हळूहळू तापू द्या, दहा मिनिटं तरी लागली पाहिजेत. पातेल्याच्या तळाशी बारीक बुडबुडे दिसले की कोंबू बाहेर. उकळी येऊ द्यायची नाही. मी पुण्यात परत आल्यावर पहिल्यांदा केलं तेव्हा मटणाचं अळणी पाणी काढतात तसं अर्धा तास उकळलं. भेंडी धुतलेलं पाणी झालं, वर समुद्राचा उग्र वास. अख्खं पातेलं सिंकमध्ये ओतलं.

कोंबू काढल्यावर पाण्याला उकळी आणा, गॅस बंद करा आणि दोन सैलसर मुठी कात्सुओबुशी टाका, २० ग्रॅमच्या आसपास. हे बोनिटो माशाचे धुरी देऊन वाळवलेले, लाकडाच्या भुशासारखे पातळ काप. एक-दोन मिनिटांत ते तळाशी बसतात, मग पंचाच्या तुकड्यातून गाळायचं. पिळायचं नाही! माझी आई नारळाचं दूध काढल्यासारखी पिळायला गेली होती. पिळलं की रस गढूळ आणि कडसर होतो.

या दोन गोष्टी एकत्र का, याला कारण आहे. तोक्योत इकेदा किकुनाए या रसायनशास्त्रज्ञाने १९०८ साली कोंबूतून ग्लुटामेट वेगळं काढलं आणि त्याच्या चवीला 'उमामी' हे नाव दिलं. पुढे १९१३ मध्ये कात्सुओबुशीतला इनोसिनेट सापडला. ही दोन द्रव्यं एकत्र आली की चवीची बेरीज होत नाही, गुणाकार होतो. म्हणूनच नुसत्या कोंबूचं पाणी फिकं लागतं आणि दोन मुठी काप पडले की तेच पाणी तोंड भरून टाकतं.

आता शाकाहारी माणसाचं. कात्सुओबुशीच्या जागी वाळलेली शिताके अळंबी, चार-पाच. त्यातल्या ग्वानिलेट या द्रव्याची कोंबूशी तशीच जोडी जमते. जपानी बौद्ध मठांतल्या शोजिन स्वयंपाकात मासे नसतात, तिथली दाशी हीच. फक्त शिताके गरम पाण्यात घाईने भिजवू नका. सकाळी ऑफिसला निघताना कोंबू आणि शिताके गार पाण्याच्या बाटलीत टाकून फ्रिजमध्ये ठेवायचं. संध्याकाळी दाशी तयार. खरं सांगायचं तर मी आता मासे खाणाऱ्यांसाठीही बरेचदा हीच करते, कारण अर्धा तास म्हणता म्हणता पंधरा मिनिटांत जेवण होतं. भिजलेली अळंबी फेकू नका, उभी चिरून थोड्या शोयूत आणि साखरेत परतली की वर घालायला होतात.

शोयू म्हणजे जपानी सोया सॉस. आपल्याकडे चायनीजसाठी मिळणारी काळी, दाट बाटली इथे चालणार नाही. तिने रस काळाकुट्ट होतो आणि चव फ्राइड राइसची येते. सावकाश आंबवलेला जपानी शोयू घ्या, महाग वाटतो पण एक बाटली वर्षभर पुरते. ७०० मिली दाशीला तीन मोठे चमचे शोयू आणि तीन मोठे चमचे मिरिन. मिरिन ही तांदळाची गोड, स्वयंपाकातली दारू. ती घालून मिनिटभर उकळली की वास उडतो. घरात दारू चालत नसेल तर दोन लहान चमचे साखर घाला, फार बिघडत नाही. मग चाखून मीठ. पहिला घोट किंचित जास्त खारट वाटला पाहिजे, कारण शिजवून धुतल्यावर नूडल्स अळणी लागतात.

हे प्रमाणही जपानभर एकसारखं नाही. तोक्योकडे रस गडद, ओसाकाकडे फिका, रंगाने हलक्या शोयूचा. इतकं की निस्सिन कंपनीच्या 'दोनबेइ' या झटपट उदोनच्या वाडग्यात पूर्वेला एक रस आणि पश्चिमेला दुसरा विकतात. मी पश्चिमेकडची, म्हणजे ओकायामाची. फिकाच करते.

नूडल्स. सुके उदोन आता ऑनलाइन सहज मिळतात, माणशी १०० ग्रॅम. भरपूर पाण्यात, मीठ न घालता उकळा, कारण पिठात आधीच मीठ असतं. मग जी पायरी आपल्याकडे सगळे गाळतात ती: गार पाण्याखाली तांदूळ धुतो तसं चोळून धुवा. बोटांना बुळबुळ लागायची थांबेपर्यंत. खायच्या वेळी उकळत्या पाण्यात दहा सेकंद, झटका, वाडग्यात. नूडल्स रसातच शिजवल्या तर रसाची खळ होते. उदोन नाहीच मिळाले तर हक्का नूडल्सही धुऊन वापरल्या आहेत मी. उदोन नव्हे, पण रस चांगला असला की खपतं.

'कोंबू नाही, कात्सुओबुशी नाही, कोकणातल्या माणसाने काय करावं' असं कुणीतरी विचारेलच. कागावात घरोघरी कात्सुओबुशीपेक्षा इरिको वापरतात, म्हणजे बारीक वाळलेली मासळी. ते कळल्यावर मी हुरळून सुकी मांदेली वापरून पाहिली. जमलं नाही. इरिको आधी मिठाच्या पाण्यात उकळून मग वाळवतात, आपली मांदेली कच्चीच उन्हात टाकतात. वास इतका दणकट की मला कोकम टाकून कालवणच करावंसं वाटलं. सोडे मात्र सुरेख लागले. मूठभर सोडे धुऊन, तव्यावर जरासे शेकून, अर्धा तास भिजवायचे आणि त्याच पाण्यात दहा मिनिटं मंद उकळायचे. कोंबूचा तुकडा असला तर उत्तम. जपानी माणसाला चव अनोळखी वाटेल, पण नावं ठेवणार नाही.

पाकिटातलं नको म्हणालात, तरी दाशीच्या दाण्यांना मी पाकीट मानत नाही. अर्ध्या जपानच्या स्वयंपाकघरात ती बरणी असते. पाणी उकळा, लहान चमचाभर टाका, झालं. फक्त लेबल वाचा: बहुतेकांत बोनिटो असतो, तुमच्या शाकाहारी माणसासाठी कोंबूचे दाणे वेगळे मिळतात.

वर काय घालायचं? कांद्याची पात, आल्याचा कीस, साडेसहा मिनिटं उकळलेलं अंडं. शाकाहारी ताटात तळलेलं तोफू गोडसर शोयूत मुरवून घाला, ओसाकात त्या वाडग्याला कित्सुने उदोन म्हणतात. आणि तिखट हवंच असेल तर शिचिमी, म्हणजे सात जिनसांची भुकटी: मिरची, तीळ, संत्र्याची साल, सान्शो वगैरे. हा सान्शो पहिल्यांदा चाखला तेव्हा जीभ झिणझिणली आणि मला गोव्याच्या मावशीच्या घरचं बांगड्याचं हुमण आठवलं. मग शोधलं तर खरंच, सान्शो आणि आपलं तिरफळ चुलतभाऊ आहेत, दोघांचा वंश (जीनस) एकच, झँथोझायलम. तेव्हापासून शिचिमी संपली की मी तिरफळाच्या बिया काढून टाकते, सालं शेकते आणि लाल मिरची, तिळाबरोबर खलबत्त्यात कुटते. चिमूटभरच. जास्त झालं तर तोंड बधिर होतं आणि इतकी मेहनत करून काढलेली दाशी कळतच नाही.

वाडगा आधी गरम पाण्याने तापवून घ्या आणि रस ओतल्यावर फोटो काढत बसू नका, दहा मिनिटांत नूडल्स फुगून लिबलिबीत होतात. सुरसुर आवाज करत ओढा. मला ते जमायला तीन महिने लागले, लहानपणी त्याच आवाजासाठी धपाटे खाल्ले होते ना.

आई पहिल्यांदा शेजारी उभी राहून बघत होती. मी रस गाळला, शोयू घातला, गॅस बंद केला. ती म्हणाली, "अगं, आणि फोडणी?" फोडणी नाही म्हटल्यावर तिने माझ्याकडे असं पाहिलं, जसं काही मी आजारी माणसाचं जेवण करतेय. दोन घास खाऊन म्हणाली, "बरं आहे. पोटाला हलकं."

दाशीतून काढलेला कोंबू मी फ्रिजरमध्ये साठवते. तीन-चार तुकडे झाले की बारीक चिरून शोयू, साखर आणि थोड्या पाण्यात आटवायचे, वर तीळ. जपानात याला त्सुकुदानी म्हणतात आणि गरम भातावर घेतात. आमच्याकडे आता ते आईचं खातं आहे. ती त्याला मोहरी-हिंगाची फोडणी देते आणि वरण-भाताबरोबर वाढते.