वाचकांचे प्रश्न : कूश देशाची माणसं बायबलमध्ये कुठे भेटतात?

इस्टरच्या अंकात आम्ही प्रेषितांच्या कृत्यांतल्या कूशी अधिकाऱ्यावर अर्धं पान छापलं होतं. यरुशलेमहून परतताना रथात यशयाचं पुस्तक वाचणारा, फिलिप्पाकडून बाप्तिस्मा घेणारा तो अधिकारी. त्यावर बडोद्याहून बरीच पत्रं आली. त्यांतले पाच प्रश्न इथे घेतले आहेत.

प्रश्न : आमच्या शब्बाथ शाळेत १० ते १४ वयाची मुलं आहेत. बायबलमधल्या काळ्या वर्णाच्या माणसांवर एक पाठ घ्यायचा आहे. कोणते उतारे घ्यावेत? नकाशा कसा करावा?
— एक शिक्षिका, फतेगंज

उत्तर : ताई, सुरुवात कूश देशापासून करा. अस्वानच्या दक्षिणेला नाईलच्या काठाने पसरलेला हा देश, म्हणजे आजचा उत्तर सुदान. ग्रीक लोक त्यालाच इथिओपिया म्हणत, त्यामुळे काही भाषांतरांत त्याच वचनात ‘इथिओपिया’ छापलेलं असतं. शब्दसूचीत दोन्ही नावं पाहा, नाहीतर निम्मे उतारे हातचे जातात.

मुख्य उतारे असे : मोशेची कूशी बायको (गणना १२), अबशालोमच्या मृत्यूची बातमी दावीदाकडे नेणारा कूशी जासूद (२ शमुवेल १८), कूशचा राजा तिऱ्हाका (२ राजे १९:९), एबद-मलेख (यिर्मया ३८ आणि ३९), कांदके राणीचा खजिनदार, म्हणजे आमच्या इस्टर अंकातला तो अधिकारी (प्रेषितांची कृत्ये ८) आणि अंत्युखियाच्या मंडळीतला निगर, म्हणजे लॅटिनमध्ये ‘काळा’, म्हटला जाणारा शिमोन (प्रेषितांची कृत्ये १३:१). एका तासात हे सगळं कोंबू नका. एबद-मलेख आणि खजिनदार, दोघे पुरे.

एबद-मलेखाचा प्रसंग मुलांना करून दाखवता येतो. बाबेलच्या फौजेने यरुशलेमला वेढा घातलेला, शहरातली भाकर संपत आलेली. सरदारांनी यिर्मया संदेष्ट्याला पाण्याच्या हौदात सोडलं. हे हौद जमिनीत खोदलेले, आतून चुन्याने लिंपलेले, तोंड अरुंद आणि पोट मोठं असे असत. आत पडलेल्याला धरायला काही नाही. पाणी आटलं होतं, तळाशी चिखल होता आणि यिर्मया त्यात रुतत होता. राजवाड्यातला हा कूशी सेवक राजाकडे गेला आणि चारचौघांसमोर म्हणाला की, या माणसांनी वाईट केलं. परदेशी नोकराने सरदारांविरुद्ध असं बोलणं म्हणजे जिवाशी खेळ. राजाने परवानगी दिली. एबद-मलेखाने आधी खजिन्याखालच्या खोलीतून जुनेर आणि फाटक्या चिंध्या आणल्या, त्या दोरांनी खाली सोडल्या आणि यिर्मयाला सांगितलं, ‘या बगलेत, दोराखाली घाल.’ अनेक दिवसांचा उपाशी माणूस, चिखलाने खाली ओढून धरलेला. नुसत्या दोराने ओढला असता तर बगला सोलून निघाल्या असत्या. पाठाचा जीव या चिंध्यांत आहे. मुलांच्या हातात एक सुती दोर आणि जुनं धोतर द्या, बगलेखाली दोर आधी नुसता आणि मग कापडावरून धरायला लावा. वर ओढू मात्र नका, फक्त ताण द्या.

सोबत किती माणसं होती, असं कोणी विचारेल. हिब्रू पाठात ३० आहेत, काही आवृत्त्या ३ देतात. एका माणसाला ओढायला ३० लागत नाहीत हे खरं, पण सरदार आडवे आले तर पहारा हवाच. ३९ वा अध्याय वगळू नका. शहर पडल्यावर एबद-मलेखाचा जीव वाचेल, कारण त्याने देवावर भरवसा ठेवला, असं वचन तिथे त्याला नावानिशी मिळतं.

खजिनदाराच्या उताऱ्यात मुलांना हे विचारा : तो काय वाचतोय हे फिलिप्पाला कळलं कसं? त्या काळी एकटा माणूसही सहसा मोठ्याने वाचत असे. तो यशया ५३ वाचत होता. गुंडाळी तीन अध्याय पुढे उलगडली की ५६:३-५ येतं. तिथे षंढाला देवाच्या घरात नाव आणि जागा मिळेल असं वचन आहे. तो स्वतः षंढ होता आणि अनुवाद २३:१ च्या नियमाने त्याला मंडळीत प्रवेश नव्हता. हे दोन उतारे शेजारी ठेवल्याशिवाय बाप्तिस्म्यानंतरचा त्याचा आनंद समजत नाही.

नकाशासाठी पूर्ण चार्ट पेपर घ्या, प्रमाण १ सेंमीला ५० किमी. यरुशलेम ते मेरोवे, म्हणजे त्या राणीची राजधानी, सरळ रेषेत साधारण १६५० किमी, कागदावर ३३ सेंमी. बडोद्याहून तिरुवनंतपुरम साधारण तेवढंच लांब आहे. मेरोवेपासून आजच्या इथिओपियातलं जुनं राजधानीचं शहर अक्सूम सुमारे ६०० किमी, म्हणजे १२ सेंमी. रोमन आफ्रिकेतलं कार्थेज (आजच्या ट्युनिशियात) मात्र मेरोवेपासून ३००० किमीहून लांब. ही तीन अंतरं मुलांनी पट्टीने मोजली की पुढचे बरेच घोटाळे होतच नाहीत. आजच्या इथिओपियाच्या सीमा आखून त्यात ‘कूश’ लिहू नका, कूशची मुख्य शहरं तिच्या बाहेर पडतात.

प्रश्न : नोहाने हामला शाप दिला म्हणून आफ्रिकी लोक काळे झाले आणि गुलाम झाले, असं एका प्रवचनात ऐकलं. हे बायबलमध्ये आहे का?
— एक वाचक, रावपुरा

उत्तर : नाही. उत्पत्ती ९:२५ उघडा : शाप कनानला आहे. हामला नाही, कूशला तर नाहीच. मग उत्पत्ती १०:६ पाहा. हामचे चार मुलगे दिले आहेत, कूश, मिस्राईम, पूट आणि कनान. पुढे १०:१९ मध्ये कनानची हद्द दिली आहे, सीदोनपासून गज्जापर्यंत. ही भूमध्य समुद्राची किनारपट्टी, आफ्रिका नव्हे. कातडीचा रंग या दोन्ही अध्यायांत एकदाही येत नाही.

हा अर्थ चिकटवला गेला कारण त्याची गरज होती. अमेरिकेत गुलाम ठेवणाऱ्यांना शास्त्राचा आधार हवा होता. १८०७ साली लंडनमध्ये गुलामांसाठी निवडक बायबल छापलं गेलं, त्यातून मोशेने लोकांना इजिप्तमधून सोडवल्याचा भागच गाळलेला होता. ज्यांच्यापासून तो लपवला, त्यांनी नेमका तोच आपल्या भजनांत गायला. १८१६ मध्ये फिलाडेल्फियात रिचर्ड ॲलन यांच्या पुढाकाराने काळ्या ख्रिस्ती लोकांचा स्वतंत्र मेथडिस्ट पंथ उभा राहिला. रिचर्ड ॲलन स्वतः गुलामीत जन्मले होते.

पाळकांशी बोलताना वाद घालत बसू नका. ९:२५, १०:६ आणि १०:१९ ही तीन वचनं याच क्रमाने वाचून दाखवा. आमच्या मते हा शापाचा अर्थ व्यासपीठावरून सांगणं बंदच व्हायला हवं. त्याने माणसांची पिढ्यान्‌पिढ्या हानी केली आहे.

प्रश्न : सयाजीबागेतल्या म्युझियममध्ये ममी पाहिली. प्राचीन इजिप्ती लोक काळे होते का? कुरेनेचा शिमोन आणि संत ऑगस्टीनही काळे होते असं वाचलं.
— इतिहासाचा एक विद्यार्थी, दांडिया बाजार

उत्तर : तिघांचं उत्तर वेगवेगळं आहे. एकाच वाक्यात उरकायला गेलं की चुकतं.

इजिप्तमध्ये उत्तरेपासून दक्षिणेपर्यंत रंगाच्या अनेक छटा होत्या. तूतनखामुनच्या काळात कूशचा कारभार पाहणाऱ्या हुय याच्या थीब्जमधल्या थडग्यातली चित्रं शोधा. नजराणा घेऊन आलेले कूशी सरदार तिथे इजिप्ती लोकांहून गडद रंगवले आहेत. पुढे इ.स.पू. आठव्या शतकात कूशच्या राजांनीच इजिप्त जिंकला. हा पंचविसावा राजवंश. बायबलमधला तिऱ्हाका म्हणजे त्यातला तहारका, राज्यकाळ इ.स.पू. ६९० ते ६६४, पिरॅमिड सुदानमध्ये नूरी इथे. अश्शूरचा राजा सन्हेरीब याची यहूदावरची स्वारी इ.स.पू. ७०१ ची, तेव्हा तो गादीवर आलेला नव्हता. तो सेना घेऊन आला असावा आणि लिहिणाऱ्याने त्याला पुढे मिळालेली पदवी वापरली, असा उलगडा बहुतेक अभ्यासक देतात.

कुरेने हे आजच्या लिबियातलं ग्रीक वसाहतीचं शहर, तिथे यहुद्यांची मोठी वस्ती होती. वधस्तंभ वाहणारा शिमोन आफ्रिकेतून आला हे नक्की, रंग मार्क सांगत नाही. ऑगस्टीन ३५४ मध्ये आजच्या अल्जीरियात जन्मले, त्यांच्याही रंगाची नोंद नाही. रोमचे तीन बिशप, व्हिक्टर, मिल्तियादेस आणि गेलासियुस, याच रोमन आफ्रिकेच्या मुळाचे मानले जातात. त्यांना ‘आफ्रिकी’ म्हणा, त्यापुढे जाऊ नका.

उलट जिथे नोंद आहे तिथे ठामपणे म्हणा. चौथ्या शतकात इजिप्तच्या वाळवंटात राहिलेल्या मोशे नावाच्या साधूला जुने लेखक स्पष्टपणे इथिओपियाचा आणि काळा म्हणतात. तो आधी दरोडेखोर होता. एका बंधूच्या अपराधाचा निवाडा करायला त्याला बोलावलं, तेव्हा तो गळकं भांडं पाण्याने भरून पाठीवर घेऊन गेला : माझी पापं माझ्यामागे सांडताहेत, मला ती दिसत नाहीत, आणि मी दुसऱ्याचा न्याय करायला आलोय. असं अस्सल उदाहरण हाताशी असताना संशयास्पद नावांची यादी वाढवण्यात काय मिळतं? विरोधक त्यातलं एक नाव खोडतो आणि खऱ्या नावांवरचाही विश्वास उडवतो.

प्रश्न : नाताळच्या गोठ्यात तीन राजांपैकी एक काळा का? आणि यंदा मूर्ती आम्ही घरीच रंगवणार आहोत, काही सूचना?
— एक कुटुंब, मांजलपूर

उत्तर : मत्तय २ मध्ये राजे नाहीत, मागी म्हणजे पूर्वेकडचे ज्ञानी लोक आहेत. त्यांची संख्या नाही, नावं नाहीत, रंगही नाही. भेटी तीन म्हणून माणसं तीन धरली, आणि स्तोत्र ७२:१० मध्ये शबा आणि सबाचे राजे नजराणे आणतात म्हणून ते राजे झाले. सगळं जग बाळासमोर आलं हे दाखवायला युरोपातल्या चित्रकारांनी एकाला आफ्रिकी केलं, आणि पंधराव्या शतकात ती रीत पक्की झाली. रीत सुंदर आहे, जरूर ठेवा.

नुसता काळा रंग देऊ नका, नाक-ओठांचे उठाव बुजतात आणि चेहरा सपाट होतो. गडद तपकिरीत थोडा तांबडा मिसळा, वाळल्यावर कपाळ, नाक आणि गालांवर फिकट तपकिरीचा कोरडा ब्रश फिरवा. वस्त्र आणि मुकुट बाकी दोघांइतकेच भारी हवेत, आणि मूर्ती मागे उंटाशेजारी ठेवू नका, तिथे तो नोकर दिसतो. नाटक असेल तर मुलाच्या तोंडाला काजळ फासू नका. भूमिका कोणीही करावी, आपल्याच चेहऱ्याने.

प्रश्न : आफ्रिकेत ख्रिस्ती धर्म गोऱ्या मिशनऱ्यांनी नेला ना? आणि आपल्याकडच्या रतनपूरच्या सिद्दींचा या सगळ्याशी काही संबंध आहे का?
— एक वाचक, अलकापुरी

उत्तर : पहिल्याचं उत्तर : बऱ्याच भागांत एकोणिसाव्या शतकात नेला, पण इथिओपियात आणि नुबियात, म्हणजे जुन्या कूशच्या प्रदेशात, नाही. अक्सूमचा राजा एझाना चौथ्या शतकात ख्रिस्ती झाला. तांबड्या समुद्राच्या काठी सापडलेला आणि राजदरबारात वाढलेला सोर शहरचा फ्रुमेंतियुस तिथला पहिला बिशप, त्याला अलेक्झांड्रियाच्या अथानासियुसने नेमलं. पुरावा खिशात मावेल एवढा आहे : एझानाच्या आधीच्या नाण्यांवर चंद्रकोर आणि चकती, नंतरच्यांवर क्रूस. इंग्लंडमध्ये ऑगस्टीन नावाचा मिशनरी (वरचे संत ऑगस्टीन नव्हेत) पोचला ५९७ मध्ये, म्हणजे अडीचशेहून अधिक वर्षांनी. इथिओपियातल्या लालिबेला गावची ११ ख्रिस्तमंदिरं तर अखंड खडकात वरून खाली कोरत नेलेली आहेत. वेरूळचं कैलास पाहिलेल्याला ते काम लगेच कळेल. तिथल्या मंडळीच्या बायबलमध्ये ८१ पुस्तकं आहेत.

इथे एक गल्लत होते. कांदकेचा खजिनदार मेरोवेचा, अक्सूमचा नव्हे. त्याच्यानंतर मेरोवेत मंडळी उभी राहिल्याचा पुरावा नाही. त्या भागात नुबियाची ख्रिस्ती राज्यं सहाव्या शतकात आली. अस्वानच्या मोठ्या धरणात बुडण्याआधी, १९६१ ते १९६४ मध्ये, पोलिश संशोधकांनी फारसच्या कॅथेड्रलच्या भिंतींवरची चित्रं सोडवून काढली, ती आता वॉर्सा आणि खार्टूमला आहेत. त्यांत गडद वर्णाचे नुबियन बिशप आणि त्यांच्यामागे उभे संत दिसतात.

दुसऱ्याचं उत्तर : गुजरातचे सिद्दी बहुतांशी मुसलमान आहेत, रतनपूरचं बावा गोर हे त्यांचं मोठं श्रद्धास्थान. त्यांना बायबलच्या कूशशी जोडायला पुरावा नाही, आणि तिथे जाऊन तसले प्रश्न विचारू नयेत. कर्नाटकात हल्याळ-यल्लापूरकडच्या सिद्दींत मात्र कॅथलिक कुटुंबं बरीच आहेत.

आपला मराठी धागा नाशिकला सापडतो. इंग्रज जहाजांनी अरबी गलबतांवरून सोडवलेली आफ्रिकी मुलं मुंबईला उतरत आणि त्यांतली कित्येक नाशिकच्या शरणपूर मिशनमध्ये येत. तिथे त्यांना लिहिणं-वाचणं, सुतारकाम, लोहारकाम शिकवत. त्यांतला जेकब वेनराइट आफ्रिकेचा शोध घेणारे मिशनरी डेव्हिड लिव्हिंग्स्टन यांच्या शेवटच्या प्रवासात होता. १ मे १८७३ ला लिव्हिंग्स्टन वारले तेव्हा त्यांचं हृदय झाडाखाली पुरताना प्रार्थना वाचली ती वेनराइटने, झाडावर नाव कोरलं तेही त्यानेच. सोबत्यांनी देह समुद्रकिनाऱ्यापर्यंत वाहून नेला, आणि १८ एप्रिल १८७४ ला लंडनमध्ये वेस्टमिन्स्टर ॲबीत शवपेटीचे मानकरी होते त्यांत वेनराइट होता. शरणपूर चालवणारे प्राईस त्यानंतर पूर्व आफ्रिकेत मोंबासाला गेले आणि तिथे सोडवलेल्या गुलामांसाठी फ्रिअर टाउन वसवलं. नाशिकला शिकलेले आफ्रिकी ख्रिस्ती तिथे आणि जवळच्या रबाईत शिक्षक, सुतार आणि उपदेशक म्हणून कामाला लागले.